शांतिसेना आणि युद्ध आवरण्याची मुत्सद्देगिरी : गोव्यात वारंवार विचारले जाणारे प्रश्न

फोंडा, डिचोली, पेडणे आणि मडगाव येथील वाचनालयांत व महाविद्यालयांत या विषयावर बोलण्याचा प्रसंग आला की व्याख्यानापेक्षा नंतरचे प्रश्नच अधिक वेळ घेतात. थोड्याफार फरकाने ते प्रश्न तेच असतात, कारण गोव्यातील बऱ्याच घरांचा या विषयाशी काही ना काही धागा जुळलेला आहे. कोणाचे आजोबा मोझांबिकला नोकरीस होते, कोणाचे कुटुंब १९९० साली कुवेत सोडून आले, कोणाचा मुलगा आज बोटीवर आहे, आणि १९६१ची गोष्ट तर सर्वांचीच आहे. उत्तरे लिहिताना प्रश्न शक्यतो विचारणाऱ्यांच्याच शब्दांत ठेवले आहेत.

संयुक्त राष्ट्रांचे स्वतःचे सैन्य असते का?

नाही. संयुक्त राष्ट्रांकडे स्वतःची एकही पलटण नाही. सुरक्षा परिषदेने एखाद्या देशात शांतिसेना पाठवण्याचा ठराव संमत केला की न्यूयॉर्कमधील सचिवालय सदस्य देशांकडे माणसे मागू लागते, आणि ज्यांची तयारी असते ते देश आपल्या सैन्यातील तुकड्या, पोलीस पथके, डॉक्टर किंवा मोजके निरीक्षक अधिकारी ठरावीक मुदतीसाठी देतात. हे सैनिक आपापल्या देशाचाच गणवेश घालतात. वेगळी असते ती निळी टोपी किंवा निळे हेल्मेट आणि दंडावरचे चिन्ह. पगार त्यांना आपल्याच सरकारकडून मिळतो, आणि संयुक्त राष्ट्रे त्या सरकारला दर सैनिकामागे दरमहा ठरलेली रक्कम भरून देतात. २०२२ साली हा दर १,४४८ डॉलर ठरला. रोजच्या कामगिरीचे हुकूम शांतिसेनेचा सेनापती देतो, पण शिस्तभंगाची कारवाई करण्याचा अधिकार ज्या त्या देशाकडेच राहतो. एका शिपायाला दोन धनी असण्याच्या या व्यवस्थेतून पुढे किती अडचणी उभ्या राहतात ते खाली येईलच.

निळ्या रंगाची गोष्ट साधी आहे. १९५६ साली सुएझच्या संकटात, म्हणजे ब्रिटन, फ्रान्स आणि इस्रायल यांनी इजिप्तवर हल्ला केला तेव्हा, पहिली सशस्त्र शांतिसेना घाईघाईने उभी करावी लागली, आणि तिचे सैनिक दुरून ओळखू यावेत म्हणून निळ्या टोप्या हव्या होत्या. त्या वेळेत मिळेनात, तेव्हा अमेरिकी हेल्मेटांच्या आतले प्लास्टिकचे साचे निळ्या रंगाने फवारून काम भागवले गेले.

संयुक्त राष्ट्रांच्या सनदेत शांतिसेनेबद्दल काय लिहिले आहे?

काहीच नाही, तो शब्दच सनदेत नाही. सनदेचे सहावे प्रकरण वाद सामोपचाराने मिटवण्याबद्दल आहे आणि सातवे प्रकरण बळाच्या वापराबद्दल. शांतिसेना या दोहोंच्या मधोमध कुठेतरी बसते, म्हणून महासचिव डाग हामरशोल्ड तिला ‘साडेसहावे प्रकरण’ म्हणत असत. सुएझच्या वेळी तर ब्रिटन आणि फ्रान्स यांनी सुरक्षा परिषदेत नकाराधिकार (पाच कायम सदस्यांपैकी कोणालाही एकट्याने ठराव पाडता येण्याचा हक्क) वापरल्यामुळे विषय आमसभेपुढे गेला, आणि कॅनडाचे परराष्ट्रमंत्री लेस्टर पिअर्सन यांच्या सूचनेवरून आमसभेनेच ती सेना उभी केली. पिअर्सन यांना त्यासाठी १९५७चे नोबेल शांतता पारितोषिक मिळाले. कायद्याच्या पुस्तकात नसलेली आणि गरजेपोटी घडत गेलेली ही संस्था आहे, हे ध्यानात ठेवले की तिच्याकडून ठाशीव नियमांची अपेक्षा आपोआप कमी होते.

युद्धविराम, शस्त्रसंधी आणि तह यांत फरक काय?

वर्तमानपत्रांत हे तिन्ही शब्द एकमेकांच्या जागी वापरले जातात, आणि त्यात ‘युद्धबंदी’ची भर पडली की गोंधळ पुरा होतो, कारण मराठीत युद्धात पकडलेल्या कैद्यालाही तोच शब्द आहे. युद्धविराम म्हणजे गोळीबार थांबणे. तो काही तासांचाही असू शकतो, मृतदेह उचलण्यापुरता किंवा औषधे पोहोचवण्यापुरता. शस्त्रसंधी लेखी असते: रेषा नकाशावर कुठून जाते, कोणी किती मागे सरायचे, तोफा कुठे ठेवायच्या, कैद्यांचे काय करायचे आणि तक्रार कोणाकडे न्यायची हे सारे तिच्यात येते. तह मूळ भांडणच मिटवतो, निदान मिटवल्याचे लिहून देतो. कोरियात २७ जुलै १९५३ रोजी शस्त्रसंधी झाली, तह आजतागायत झालेला नाही.

शांतिसेना बहुतेक वेळा यांपैकी मधल्या पायरीवर येते. दोन भावांत शेताच्या मेरेवरून वाद पेटला आणि गावाने मेरेवर एक माणूस उभा केला, तर तो माणूस जमीन कोणाची हे ठरवत नाही. रात्रीतून दगड कोणी सरकवला नाही ना एवढेच पाहतो. सायप्रसमध्ये संयुक्त राष्ट्रांची माणसे १९६४पासून अशा मेरेवर उभी आहेत, आणि ग्रीक व तुर्की वस्त्यांच्या मधला सुमारे १८० किलोमीटर लांबीचा पट्टा अजूनही त्यांच्याच देखरेखीखाली आहे. साठ वर्षे वाद न मिटणे हे त्यांचे अपयश मानायचे, की १९७४नंतर तेथे पुन्हा मोठे युद्ध न होणे हे यश मानायचे, याबद्दल दोन मते आहेत. माझे मत दुसरे आहे.

मध्यस्थ प्रत्यक्षात करतो काय?

याचे सर्वांत चांगले उदाहरण जुने आहे. पॅलेस्टाइनसाठी नेमलेले मध्यस्थ काउंट बर्नाडॉट यांची सप्टेंबर १९४८मध्ये जेरुसलेम येथे हत्या झाली आणि ते काम त्यांचे सहकारी राल्फ बंच यांच्याकडे आले. १९४९च्या आरंभी त्यांनी इजिप्त आणि इस्रायल यांच्या प्रतिनिधींना रोड्स बेटावरील एका हॉटेलात आणून बसवले. मोठ्या प्रश्नाला हात न घालता त्यांनी आधी चर्चेच्या विषयपत्रिकेसारख्या किरकोळ बाबींवर दोन्ही बाजूंची संमती घेतली, कारण एकदा ‘हो’ म्हणण्याची सवय लागली की पुढचे ‘हो’ थोडे सोपे जाते. बोलणी अडली तेव्हा त्यांनी शिष्टमंडळांना स्मरणचिन्ह म्हणून करवून घेतलेल्या चिनी मातीच्या ताटल्या दाखवल्या, आणि करार झाला तर ही प्रत्येकाला एकेक मिळेल, नाही तर तुमच्याच डोक्यावर फोडीन, असे गमतीने बजावले. करार झाला. पुढच्या वर्षी बंच यांना नोबेल शांतता पारितोषिक मिळाले.

शांतिसेनेचे नियम कोणते? मार बसला तरी हात बांधलेलेच का?

परंपरेने तीन तत्त्वे मानली जातात: ज्यांच्यात भांडण आहे त्या मुख्य पक्षांची संमती, कोणाचीही बाजू न घेणे, आणि स्वसंरक्षण किंवा नेमून दिलेले काम पार पाडणे यांव्यतिरिक्त बळ न वापरणे. यांतले पहिले सर्वांत महत्त्वाचे आणि सर्वांत नाजूक आहे. १९६७च्या मे महिन्यात इजिप्तचे अध्यक्ष नासेर यांनी संमती मागे घेतली, महासचिव यू थांट यांनी सुएझपासून तेथे असलेली सेना हटवण्यास मान्यता दिली, आणि काही दिवसांतच अरब-इस्रायल युद्ध भडकले. गाझातून अजून निघू न शकलेले काही भारतीय सैनिक त्यात बळी पडले.

हात पूर्वीइतके बांधलेले मात्र आता नसतात. १९९९नंतरच्या बहुतेक मोठ्या शांतिसेनांना नागरिकांच्या रक्षणासाठी बळ वापरण्याची परवानगी ठरावातच दिलेली असते, आणि २०१३ साली काँगोमध्ये तर सशस्त्र टोळ्यांवर चालून जाण्यासाठी वेगळी ब्रिगेड नेमली गेली. तिचा अनुभव संमिश्र आहे: सुरुवातीला एम-२३ हा गट तिने मागे रेटला, पण त्याच नावाचा गट पुन्हा उभा राहिला आणि जानेवारी २०२५मध्ये त्याने गोमा शहर घेतले, तेव्हा शांतिसेना शहरातच होती.

डिसेंबर १९६१मध्ये गोव्याचा प्रश्न संयुक्त राष्ट्रांत गेला होता, तेव्हा शांतिसेना का आली नाही?

हा प्रश्न गोव्यात हमखास येतो, आणि तो सविस्तर उत्तराच्या योग्यतेचाही आहे.

मुत्सद्देगिरीचा मार्ग त्याआधी अनेक वर्षे चालला होता. १५ ऑगस्ट १९५५ रोजी सत्याग्रहींवर गोळीबार झाल्यानंतर भारताने पोर्तुगालशी राजनैतिक संबंध तोडले. त्याच वर्षी पोर्तुगालने दादरा-नगरहवेलीला जाण्याच्या वाटेच्या हक्काचा दावा हेग येथील आंतरराष्ट्रीय न्यायालयात लावला. १९६०च्या निकालात पोर्तुगालचा हक्क काही अंशी मान्य झाला, पण सशस्त्र सैन्य नेण्याचा हक्क नाकारला गेला आणि भारताने कर्तव्यभंग केला नाही असेही ठरले. डिसेंबर १९६०मध्ये आमसभेने वसाहतींच्या स्वातंत्र्याचा प्रसिद्ध जाहीरनामा संमत केला आणि दुसऱ्याच दिवशी, गोव्यासह पोर्तुगालचे सर्व प्रदेश ‘प्रांत’ नसून वसाहतीच आहेत असा ठराव केला. पोर्तुगालचे पंतप्रधान सालाझार यांनी तो मानला नाही. वर्षभरानंतर लष्करी हालचाली दिसू लागल्या, तेव्हा यू थांट यांनी नेहरू आणि सालाझार या दोघांनाही वाटाघाटींची विनंती करणारे संदेश पाठवले.

१८ डिसेंबर १९६१ रोजी, भारतीय सैन्य गोव्यात शिरल्यावर, सुरक्षा परिषद बसली. अमेरिका, ब्रिटन, फ्रान्स आणि तुर्कस्तान यांच्या ठरावात लढाई थांबवून भारताने सैन्य मागे घ्यावे असे म्हटले होते. अकरा सदस्यांपैकी सात त्याच्या बाजूने आणि चार विरुद्ध गेले. विरोधात सोव्हिएत संघ, सिलोन (आजची श्रीलंका), लायबेरिया आणि संयुक्त अरब प्रजासत्ताक (म्हणजे इजिप्त) होते. सोव्हिएत संघाचे मत म्हणजे नकाराधिकार, म्हणून ठराव पडला. पोर्तुगालला दोष देणारा दुसरा ठरावही चारास सात मतांनी पडला. विषय आमसभेत नेण्याची वाट पाश्चात्त्य देशांना मोकळी होती, पण नुकत्याच स्वतंत्र झालेल्या आशियाई-आफ्रिकी देशांनी भरलेल्या त्या सभेत आपल्याला मते मिळणार नाहीत हे त्यांनी ओळखले. १९ तारखेच्या संध्याकाळी गव्हर्नर जनरल वासालो ई सिल्वा यांनी शरणागती पत्करली. तेव्हा शांतिसेनेला येण्यासारखे काही उरलेच नव्हते: दोन बाजूंची संमती नव्हती, परिषदेत एकमत नव्हते आणि मेर राखावी असा रेंगाळलेला संघर्षही नव्हता. पोर्तुगालने गोव्यावरील भारताचे सार्वभौमत्व तहाने मान्य केले ते १९७४च्या अखेरीस, लिस्बनमधील राजवट बदलल्यावर.

या कथेची एक बाजू आपल्याकडे फारशी सांगितली जात नाही. त्याच डिसेंबरात भारताची ९९ इन्फन्ट्री ब्रिगेड काँगोच्या कटांगा प्रांतात संयुक्त राष्ट्रांच्या झेंड्याखाली लढत होती, आणि ५ डिसेंबर रोजी एलिझाबेथव्हिल येथे रस्ता मोकळा करताना कॅप्टन गुरबचन सिंग सलारिया यांना वीरमरण आले. त्यांना परमवीर चक्र मिळाले. म्हणजे पंधरवड्याच्या आत एकाच देशाचे सैन्य एका खंडात संयुक्त राष्ट्रांचा हुकूम बजावत होते आणि दुसरीकडे त्याच देशाचा प्रतिनिधी परिषदेत जाब देत होता. यात ढोंग पाहणारे तेव्हा पाश्चात्त्य जगात पुष्कळ होते. मला त्यात ढोंग दिसत नाही, पण विसंगती दिसते, आणि ती मान्य केल्याने गोव्याच्या मुक्तीचे मोल उणे होत नाही.

भारताचा या कामात वाटा किती?

आजवर २,७५,०००हून अधिक भारतीयांनी शांतिसेनांत काम केले आहे आणि १७०हून अधिक जणांनी प्राण गमावले आहेत. कोणत्याही एका देशाच्या शांतिसैनिकांत हा मृतांचा आकडा सर्वांत मोठा आहे. युगोस्लाव्हियातील शांतिसेनेचे पहिले सेनापती सतीश नंबियार होते. सायप्रसमध्ये ग्यानी, थिमय्या आणि प्रेमचंद हे तीन भारतीय सेनापती होऊन गेले, त्यांपैकी थिमय्या यांचे १९६५ साली तेथेच निधन झाले. २००७ साली लायबेरियात गेलेले भारतीय महिला पोलिसांचे पथक हे त्या प्रकारचे जगातील पहिलेच होते.

मराठी वाचकाला कोरियाचा प्रसंग जवळचा वाटावा, कारण १९५३ साली तेथे गेलेल्या ‘कस्टोडियन फोर्स इंडिया’चे नेतृत्व कोल्हापूर भागातले मेजर जनरल शंकरराव थोरात यांच्याकडे होते. ती काटेकोर अर्थाने संयुक्त राष्ट्रांची शांतिसेना नव्हती. शस्त्रसंधीच्या करारातून निघालेली व्यवस्था होती. मायदेशी परत जाण्यास नकार देणारे बावीस हजारांहून अधिक कैदी तिच्या ताब्यात होते, आणि त्यांचे मन वळवण्याची संधी दोन्ही बाजूंना देत त्यांना सुरक्षित राखायचे होते. दक्षिण कोरियाचे अध्यक्ष सिंगमन ऱ्ही भारतीयांना आपल्या भूमीवर पाऊल ठेवू द्यायला तयार नव्हते, म्हणून जवानांना जहाजांवरून हेलिकॉप्टरने थेट निर्लष्करी पट्ट्यात उतरवावे लागले. एका छावणीत कैद्यांनी भारतीय मेजरला ओलीस धरले, तेव्हा थोरात स्वतः कुंपणाच्या आत गेले आणि गोळी न झाडता, बोलून बोलून त्याला सोडवून आणले. अखेरीस ऐंशीहून अधिक कैद्यांनी दोन्ही कोरिया आणि चीन नाकारले. ते जवानांबरोबर भारतात आले.

आमचे आजोबा मोझांबिकला होते. तिथे शांतता टिकली आणि अंगोलात टिकली नाही, असे का?

हे दोन देश शेजारी ठेवून पाहण्याइतके शिकवणारे उदाहरण माझ्या माहितीत दुसरे नाही. दोन्ही पोर्तुगालच्या वसाहती, दोन्ही १९७५ साली स्वतंत्र, दोन्हीकडे डाव्या सरकारविरुद्ध बाहेरच्या पाठिंब्याने चाललेले दीर्घ यादवी युद्ध, आणि शीतयुद्ध संपताच दोन्हीकडे करार.

अंगोलाचा करार मे १९९१मध्ये पोर्तुगालमधील बिसेस येथे झाला. त्यात संयुक्त राष्ट्रांना कडेला उभे केले होते: एवढ्या अवाढव्य देशासाठी ३५० लष्करी निरीक्षक आणि थोडे पोलीस. मतदानापूर्वी दोन्ही सैन्ये मोडून एक नवे सैन्य उभे राहायचे होते, ते राहिलेच नाही. सप्टेंबर १९९२मध्ये मतदान झाले, युनिटा या बंडखोर संघटनेचे नेते जोनास साव्हिम्बी हरले, त्यांनी निकाल नाकारला आणि जंगलात तयार असलेले आपले सैन्य पुन्हा लढाईला काढले. हिऱ्यांच्या खाणी त्यांच्या ताब्यात असल्यामुळे पैशालाही तोटा नव्हता. ते युद्ध फेब्रुवारी २००२मध्ये साव्हिम्बी मारले गेल्यावरच थांबले.

मोझांबिकची बोलणी रोममध्ये झाली, आणि ती कोणा महासत्तेने नव्हे तर सांत एजिदियो या कॅथलिक सामान्यजनांच्या संघटनेने दोन वर्षांहून अधिक काळ चालवली. बैराचे बिशप जैमे गोन्साल्विस आणि मात्तेओ झुप्पी हे तरुण धर्मगुरू मध्यस्थांत होते. झुप्पी पुढे कार्डिनल झाले आणि २०२३ साली पोपचे दूत म्हणून कीव्ह व मॉस्कोला गेले. ४ ऑक्टोबर १९९२ रोजी करारावर सह्या झाल्या, म्हणजे अंगोलातील घडी विस्कटत असतानाच. तो धडा ताजा असल्याने संयुक्त राष्ट्रांनी या वेळी हजारो सैनिक पाठवले, त्यांत भारताच्या तुकड्याही होत्या. शिवाय सैन्ये मोडल्याशिवाय निवडणूक नाही हा हट्ट विशेष प्रतिनिधी आल्दो आयेल्लो यांनी धरला आणि त्यासाठी निवडणूक वर्षभर पुढे ढकलली.

दोन गोष्टी मला विशेष वाटतात. घरी पाठवलेल्या सैनिकाला दोन वर्षांचा भत्ता मिळेल अशी तजवीज केली गेली. सहा महिन्यांचा सरकारकडून आणि अठरा महिन्यांचा मदत करणाऱ्या देशांच्या निधीतून. तो पैसा त्याने निवडलेल्या गावाजवळच्या बँकेतच मिळे, त्यामुळे बंदूक टाकलेला माणूस छावणीजवळ घुटमळत न राहता गावाला गेला. दुसरी गोष्ट अशी की रेनामो या बंडखोर संघटनेचा राजकीय पक्ष व्हावा म्हणून संयुक्त राष्ट्रांनी चक्क वेगळा निधी उभारला, आणि कार्यालये, प्रवास, नेत्यांचा मरातब यांवर तो खर्च झाला. याला लाच म्हणणारे होते. पण साव्हिम्बी यांना जे गमवावे लागेल असे वाटले नाही, ते रेनामोचे नेते धाकामा यांना आता गमवावे लागणार होते. ऑक्टोबर १९९४च्या मतदानाच्या ऐन तोंडावर त्यांनी बहिष्कार जाहीर केला, शेजारी राष्ट्रांनी व मध्यस्थांनी दबाव आणला, मतदान एक दिवसाने वाढवले गेले, आणि ते परत आले, हरले, आणि विरोधी बाकावर बसले. पुढे २०१३च्या सुमारास रेनामोच्या चकमकी पुन्हा सुरू झाल्या, हे खरे. पण वीस वर्षांची शांतता ही युद्धग्रस्त देशाला थोडी नव्हे.

आणि तिमोर?

आग्नेय आशियातील तिमोर ही पोर्तुगालचीच वसाहत, आणि एकेकाळी तिचा कारभार गोव्याहून चाले, म्हणून हा प्रश्न येतो. १९७५मध्ये इंडोनेशियाने ते घेतले. ३० ऑगस्ट १९९९च्या सार्वमतात ७८ टक्क्यांहून अधिक लोकांनी स्वातंत्र्य मागितले आणि लगेच जाळपोळ व हत्या सुरू झाल्या. आधी ऑस्ट्रेलियाच्या नेतृत्वाखालचे सैन्य आले, मग संयुक्त राष्ट्रांनी अडीच वर्षे तो देशच चालवला, न्यायालयांपासून जकातीपर्यंत. २० मे २००२ रोजी तिमोर-लेस्ते स्वतंत्र झाला.

रवांडा आणि स्रेब्रेनिका येथे शांतिसेना असूनही कत्तल का झाली?

कारण दोन्ही ठिकाणी राखायला शांतता नव्हती, आणि पाठवलेली सेना शांतता असल्याच्या समजुतीवर बेतलेली होती. रवांडात सेनापती रोमेओ डॅलेअर यांनी ११ जानेवारी १९९४ रोजीच न्यूयॉर्कला लपवलेल्या शस्त्रांची माहिती कळवली आणि ती जप्त करण्याचा मनोदय सांगितला. वरून नकार आला. एप्रिलमध्ये वंशसंहार सुरू झाला, बेल्जियमचे दहा सैनिक मारले गेले, बेल्जियमने आपली तुकडी परत नेली, आणि परिषदेने सेना वाढवण्याऐवजी २७० माणसांवर आणण्याचा ठराव केला. सुमारे आठ लाख माणसे मेली. जुलै १९९५मध्ये बोस्नियातील स्रेब्रेनिका हे ‘सुरक्षित क्षेत्र’ सर्ब सैन्याने घेतले. तेथील डच बटालियन संख्येने आणि शस्त्रांनी तोकडी होती, मागितलेली हवाई मदत वेळेत व पुरेशी आली नाही, आणि सुमारे आठ हजार पुरुष व मुलगे ठार झाले. यानंतर लख्दर ब्राहिमी यांच्या समितीने २००० साली दिलेल्या अहवालाचा रोख असा होता की सचिवालयाने परिषदेला ऐकायला आवडेल ते न सांगता ऐकणे भाग आहे ते सांगावे.

शांतिसैनिकच अत्याचार करतात असे वाचले, ते खरे आहे का?

हो. मध्य आफ्रिकी प्रजासत्ताक, काँगो, हैती अशा अनेक ठिकाणी लैंगिक शोषणाचे गुन्हे घडले, आणि ते दडपलेही गेले. सुरुवातीला सांगितलेले दोन धनी येथे आडवे येतात: संयुक्त राष्ट्रे सैनिकाला घरी पाठवू शकतात, शिक्षा मात्र त्याचा देश करणार, आणि पुष्कळ देश करत नाहीत. मार्च २०१६च्या ठरावाने संपूर्ण तुकडी परत पाठवण्याची तरतूद झाली. हैतीची गोष्ट वेगळी पण तितकीच लाजिरवाणी आहे. २०१० साली तेथील एका छावणीचे सांडपाणी नदीत जाऊन कॉलरा पसरला, हजारो माणसे दगावली, आणि महासचिव बान की मून यांनी माफी मागितली ती सहा वर्षांनी.

निळी टोपी घालून ही माणसे दिवसभर करतात काय?

सत्तरी तालुक्यातील एका निवृत्त सुभेदारांना मी हेच विचारले होते. ते काँगोत गोमाजवळच्या चौकीवर होते. त्यांच्या सांगण्यानुसार पहाटेची गस्त म्हणजे सरपणाला जाणाऱ्या बायकांच्या मागे ठरावीक अंतर राखून चालणे. दुपारी दुभाष्याला घेऊन गावच्या मुखियाकडे बसणे, कोणाची गाय कोणी नेली याची तक्रार ऐकणे, आणि रात्री सगळे वहीत वेळेसह लिहिणे. गोळीबार त्यांनी वर्षभरात दोनदा ऐकला, वह्या मात्र अकरा भरल्या. चवथीला त्यांनी चौकीत माटोळी (गणपतीवर टांगायची फळाफुलांची आरास) बांधली होती. केळी आणि मक्याची कणसे मिळाली, सुपारीचे घोस मिळेनात, म्हणून एका बंगाली हवालदाराने कागदाचे करून दिले. नव्वद दिवसांच्या सेवेनंतर मिळणारे पदक त्यांनी दाखवले, पण त्यांना अधिक अभिमान त्या वह्यांचा होता, आणि तो योग्यच आहे, कारण शस्त्रसंधीचा भंग कोणी आधी केला हे ठरवताना उपयोगी पडते ती वहीच.

आमचा मुलगा बोटीवर आहे. तांबड्या समुद्रात शांतिसेना त्याचे रक्षण करील का?

सरळ उत्तर, नाही. संयुक्त राष्ट्रांची नौदल तुकडी आजवर एकाच ठिकाणी होती, २००६पासून लेबनॉनच्या किनाऱ्यालगत, आणि तिचे काम शस्त्रांची चोरटी आयात रोखण्यात तेथील नौदलाला मदत करण्याचे होते. नोव्हेंबर २०२३पासून येमेनमधील हुथी बंडखोरांनी व्यापारी जहाजांवर हल्ले सुरू केले, तेव्हा सुरक्षा परिषदेने निषेधाचा ठराव केला, पण प्रत्यक्ष संरक्षण वेगवेगळ्या देशांच्या नौदलांनी दिले, त्यांत भारतीय नौदलही होते.

तारवटींच्या घरांनी मुत्सद्देगिरी निरुपयोगी मानू नये, यासाठी एक उदाहरण पुरेसे आहे. जुलै २०२२मध्ये संयुक्त राष्ट्रे आणि तुर्कस्तान यांच्या मध्यस्थीने काळ्या समुद्रातून धान्य नेण्याचा करार झाला. रशिया आणि युक्रेन यांचे युद्ध चालूच होते, तरी दोघांचेही निरीक्षक, तुर्की व संयुक्त राष्ट्रांच्या निरीक्षकांसह, इस्तंबूलजवळ नांगरलेल्या जहाजांवर चढून तपासणी करत. रशियाने जुलै २०२३मध्ये अंग काढून घेईपर्यंत सुमारे ३ कोटी ३० लाख टन धान्य त्या वाटेने गेले.

मग युक्रेन किंवा गाझा येथे शांतिसेना का पाठवत नाहीत?

परिषदेच्या पाच कायम सदस्यांपैकी एक जण स्वतः लढत असेल, किंवा लढणाऱ्याचा पाठीराखा असेल, तर नकाराधिकारापुढे ठराव टिकत नाही. आमसभा बोलू शकते. मार्च २०२२मध्ये युक्रेनच्या प्रश्नावर १४१ देशांनी रशियाविरुद्ध मत दिले आणि भारत तटस्थ राहिला, पण आमसभेचे बोलणे बंधनकारक नसते. शिवाय दोन्ही बाजूंना थांबायचे नसेल तर मेरेवर उभा केलेला माणूस पहिला बळी ठरतो.

काश्मीरमध्ये संयुक्त राष्ट्रांचे निरीक्षक अजून आहेत का?

आहेत, जानेवारी १९४९पासून. १९७२च्या सिमला करारानंतर त्यांचे काम संपले अशी भारताची भूमिका आहे आणि भारत त्यांच्याकडे तक्रारी नेत नाही, पाकिस्तान नेतो. त्यांना बंद करण्याचा अधिकार सुरक्षा परिषदेलाच आहे अशी सचिवालयाची भूमिका, म्हणून ते राहिले.

एवढा खर्च कोण करतो, आणि आता कपात का?

२०२४-२५ या वर्षाचे शांतिसेनांचे अंदाजपत्रक सुमारे ५६० कोटी डॉलर होते; जगाच्या लष्करी खर्चाच्या तुलनेत अर्ध्या टक्क्याहूनही कमी. देशांची वर्गणी ठरलेली असते, त्यांत अमेरिका आणि चीन यांचा वाटा सर्वांत मोठा. ती वेळेवर आली नाही की सैनिक देणाऱ्या देशांचे पैसे थकतात, आणि भारताचेही ते वारंवार थकले आहेत. ऑक्टोबर २०२५मध्ये पैशाअभावी सुमारे एक चतुर्थांश शांतिसैनिक परत पाठवण्याचा निर्णय जाहीर झाला. मालीतील सेना तेथील सरकारच्या मागणीवरून २०२३च्या अखेरीस निघून गेली, आणि लेबनॉनमधील सेनेची मुदत डिसेंबर २०२६ला संपवण्याचे परिषदेने ठरवले आहे. कुवेतहून आलेली माणसे विचारतात ती इराक-कुवेत सीमेवरची सेना तर २००३मध्येच गुंडाळली गेली. काम संपल्यामुळे बंद होणे आणि पैसा संपल्यामुळे बंद होणे यांतला फरक बातम्यांत क्वचितच सांगितला जातो.

गोव्यातील मुलामुलींना या कामात जाता येते का?

शांतिसैनिक म्हणून थेट भरती नसते. भारतीय सैन्यात, निमलष्करी दलात किंवा पोलिसांत असलेल्यांचीच प्रतिनियुक्तीवर निवड होते, आणि नवी दिल्लीतील संयुक्त राष्ट्र शांतिरक्षण केंद्रात त्यांचे प्रशिक्षण होते. नागरी पदे मात्र पुष्कळ असतात: कायदा, लेखा, अभियांत्रिकी, मानवी हक्क, रेडिओ, वाहनव्यवस्था. स्वयंसेवक म्हणूनही जाता येते. येथे गोव्याच्या विद्यार्थ्यांना एक सोय आहे जिच्याकडे आपण दुर्लक्ष करतो. आफ्रिकेतील अनेक कार्यालयांत फ्रेंच लागते आणि पोर्तुगीजचाही उपयोग होतो, आणि या दोन्ही भाषा आपल्याकडे शाळा-महाविद्यालयांत शिकवल्या जातात. अर्ज संयुक्त राष्ट्रांच्या अधिकृत संकेतस्थळावरच करायचा असतो, आणि अर्जासाठी, मुलाखतीसाठी किंवा प्रशिक्षणासाठी संयुक्त राष्ट्रे एक पैसाही घेत नाहीत. म्हापशात किंवा मडगावात कोणी शांतिसेनेतील नोकरीसाठी आगाऊ रक्कम मागितली, तर ती न देता पोलीस ठाणे गाठावे.